करंगळीला कळणारी आच

डॉक्टरांनी टेबलावरची एक यू-पिन उचलली, तिची घडी उलगडली आणि दोन्ही टोकं अगदी जवळ आणली.

"आजी, आता डोळे मिटायचे. मी हे बोटाला लावणार. एक टोक लागलं तर एक म्हणा, दोन लागली तर दोन. नाही कळलं तर नाही म्हणा."

"म्हणजे पाठांतराशिवायची परीक्षा," आई म्हणाली आणि तिने डोळे मिटले.

मी तिच्या शेजारी, जरा बुटक्या स्टुलावर बसले होते. त्या उंचीवरून मला तिच्या पापण्यांखालची बारीक फट दिसली. लपंडावात राज्य आलं की मीही तशीच फट ठेवत असे. आई तिच्यातून पिनेकडे बघत होती.

"दोन," ती म्हणाली. "एक. पुन्हा एक. दोन."

"सगळी बरोबर," डॉक्टर म्हणाल्या आणि कागदावर काहीतरी लिहू लागल्या. त्यांची नजर खाली असताना आईने एक डोळा पुरता उघडून माझ्याकडे पाहिलं. गप्प बस, एवढंच त्या डोळ्यात होतं. मी गप्प बसले.

आई गेली चाळीस वर्षं मुलुंडच्या आमच्या घरात संक्रांतीचा काटेरी हलवा करते. खसखस, तीळ, साबुदाणा परातीत घ्यायचा, खाली मंद आच ठेवायची, चमचाभर पाक सोडायचा आणि दाणे बोटांनी फिरवत राहायचे. साखरेचा एकेक पापुद्रा चढत जातो आणि तिसऱ्या दिवशी पहाटेच्या गारव्यात दाण्यांना काटे फुटतात. आच वाढली की काटे विरघळतात. उतरली की पाक ओलाच राहतो. ती आच मोजायला आईकडे तीनच साधनं होती: अंगठा, तर्जनी आणि मधलं बोट. "जुहूला काटा धरत नाही," ती ठामपणे सांगायची, "समुद्राची ओली हवा. आपल्याकडे डोंगराची कोरडी थंडी उतरते." त्या हलव्याचे दागिने अंगावर घालून या भागातल्या कितीतरी नव्या सुना काळ्या साडीत उभ्या राहिल्या आहेत. या वर्षी माझ्या मुलीची लग्नानंतरची पहिली संक्रांत होती. नातीचे दागिने आई करणार, हे तिच्या लग्नाच्या आधीपासून ठरलेलं होतं.

दोन वर्षांपूर्वी आईच्या उजव्या हाताला मुंग्या येऊ लागल्या, तेव्हा आम्ही सगळ्यांनी मिळून मानेला दोषी ठरवलं. आमच्या इमारतीत मानेचा पट्टा ही जवळजवळ भेटवस्तू आहे; एकीचा दुसरीकडे जातो. आईलाही तो मिळाला. उशी बदलली, शेक झाले, तेल झालं. बोलता बोलता ती हात झटकायची, नळाखाली धुतलेल्या हाताचं पाणी झटकावं तसा. तो कोरडा हात झटकताना मी किती वेळा पाहिला असेन! दिवाळीनंतर बोटांच्या टोकांवर फोड दिसू लागले तेव्हा मी मलम लावलं आणि वर ओरडलेही, "लक्ष कुठे असतं गं तुझं?" मग एके दिवशी आमच्या नेहमीच्या डॉक्टरांसमोर तिला गोळीचं वेष्टन सोलता येईना. त्यांनी ती तीन बोटांची धडपड बघितली आणि म्हणाले, "मान नसावी ही. हाताच्या डॉक्टरांना दाखवा."

म्हणून आम्ही इथे आलो होतो. संक्रांतीला पाच आठवडे उरले होते.

यू-पिनेच्या आधी डॉक्टरांनी मान तपासली होती. डावीकडे, उजवीकडे, वर, खाली. हातात मुंग्या उतरल्या नाहीत. मग त्यांनी आईचे दोन्ही तळवे टेबलावर शेजारी शेजारी ठेवायला लावले. डाव्या अंगठ्याच्या मुळाशी मांसाचा एक गुबगुबीत उंचवटा होता. उजव्या अंगठ्याच्या मुळाशी तो बसला होता, पुरण कमी पडलेल्या पोळीसारखा. हा हात मी रोज बघत होते आणि हे मला दिसलं नव्हतं.

"म्हातारपण," आई म्हणाली होती. "सगळंच सुकतं."

"डावा हातही तुमच्याच वयाचा आहे, आजी." डॉक्टरांनी बोटांची टोकं उलटी केली. "आणि हे डाग?"

"फोडणीचं तेल उडालं."

आता पिन बाजूला ठेवून डॉक्टर म्हणाल्या, "तळवा वर ठेवून अंगठा छताकडे उभा करा. मी दाबणार, तुम्ही दाबू द्यायचा नाही."

त्यांनी एका बोटाने दाबलं. अंगठा आडवा झाला.

"मी जोर लावलाच नव्हता. परत."

परतही तो आडवा झाला. आई त्या अंगठ्याकडे, पाहुण्यांसमोर पडलेल्या मुलाकडे बघावं तशी बघत राहिली. मग हसून म्हणाली, "डॉक्टर, तुमच्या पहिल्या संक्रांतीला हलव्याचे दागिने घातले होते का?"

"हो तर. सासूबाईंनी ऑनलाइन मागवले होते."

"म्हणजे मशीनचे. बघायलाच नको."

"पुढच्या वेळी तुमच्याकडून," डॉक्टर म्हणाल्या. "आता एक शेवटचं. नमस्कार करतो ना, तो उलटा करायचा. हातांच्या पाठी एकमेकींना टेकवा, बोटं जमिनीकडे. एक मिनिट असंच राहायचं. काही झालं की सांगा."

भिंतीवरच्या घड्याळाचा सेकंदकाटा बाराच्या पुढे सरकला.

आईच्या बांगड्या कोपराकडे घसरल्या आणि थांबल्या. खोलीत स्पिरिटचा गार वास होता, बाहेर औषधांच्या दुकानाचं शटर कुणीतरी वर ढकलत होतं. पंधरा सेकंद. वीस. तिच्या कपाळावर कुंकवाच्या बरोबर वर एक उभी आठी उमटली आणि तिने ती प्रयत्नाने पुसली. पंचवीस. खाली लोंबणारी तिची तीन बोटं अगदी सूक्ष्म थरथरू लागली.

"काही होतंय?"

"काही नाही."

तिने पुन्हा माझ्याकडे पाहिलं. आता त्या नजरेत हुकूम नव्हता, विनवणी होती. फक्त पाच आठवडे, असं ती म्हणत होती. मला दिसत होतं ते मात्र वेगळंच होतं: ती मंद धगीवरची परात, आणि तिच्यात काहीच न कळणारी, शांतपणे भाजत असलेली बोटं. चाळीस सेकंद.

"आई," मी म्हणाले, "ते तेल नव्हतं."

मग आईने हात खाली घेतले आणि डोळ्यांत पाणी येईपर्यंत उजवा हात झटकला.

"बघा माझी मुलगी," ती डॉक्टरांना म्हणाली. "फितूर."

मी सगळं सांगितलं. हलवा, परात, फोड. पापण्यांखालची फटसुद्धा. बोलताना माझा आवाज चहाडी करणाऱ्या मुलीसारखा निघत होता, आणि मी पन्नाशीची होते.

डॉक्टर रागावल्या नाहीत. त्यांनी आईचा हात पुन्हा हातात घेतला आणि एकेक टोक नीट पाहिलं. "अंगठा भाजलाय, तर्जनी भाजलीय, मधलं भाजलंय. करंगळी कशी सुटली?"

आईने करंगळी जरा आत वळवली.

"तिला कळतं ना," ती म्हणाली. "दिवाळीपासून आच तिनेच बघते."

हे मलाही ठाऊक नव्हतं. चाळीस वर्षांची विद्या आईने एकटीने, कुणाला न सांगता, हाताच्या सगळ्यात लहान बोटाकडे सोपवली होती.

डॉक्टरांनी कापसाची वात केली. "आता खरंखुरं मिटा डोळे." वात अनामिकेच्या करंगळीकडच्या कडेवरून फिरली.

"आहे," आई म्हणाली.

मग त्याच बोटाच्या दुसऱ्या कडेवरून.

"नाही."

एकाच बोटाच्या मधोमध सीमा होती. डॉक्टरांनी सांगितलं, की मनगटात एक अरुंद बोगदा असतो, त्यातून जाणारी नस साडेतीन बोटांना स्पर्श पोचवते आणि अंगठ्याला बळ. तीच दबली आहे. करंगळीची नस वेगळ्या वाटेने जाते. त्यांनी दोन्ही अंगठ्यांनी आईचं मनगट दाबून धरलं. थोड्याच वेळात आई म्हणाली, "आल्या. अगदी तिथेच आल्या मुंग्या." या वेळी तिने काही लपवलं नाही.

"कार्पल टनेल," डॉक्टर म्हणाल्या. "नसेची करंटची तपासणी करून घेऊ, पण हाताने आपलं सगळं सांगितलंय. छोटं ऑपरेशन आहे. लवकर करायला हवं."

"संक्रांत झाली की—"

"आजी, हा उंचवटा बसलाय म्हणजे नस खूप दिवस दबलेली आहे. ऑपरेशनने मुंग्या थांबतील. स्पर्श किती परत येईल, ते मी आज सांगू शकत नाही. थांबलात तर आणखी कमी येईल. आणि आजपासून आचेजवळ हात न्यायचा नाही."

रिक्षात आई तोंड फिरवून बाहेर बघत बसली. घरी आल्यावर मानेचा पट्टा काढून दाराच्या खिळ्याला लटकवला आणि म्हणाली, "पिनेच्या वेळी नाही म्हटलं असतं ना मी, तर ते खरं झालं असतं."

डिसेंबरातच ऑपरेशन झालं. हलवा मी केला. आई गुंडाळलेला हात उशीवर ठेवून खुर्चीत बसायची आणि मला ओरडायची, "बोटं काढू नकोस गं, भाजू दे थोडं!" तीन पहाटा झाल्या, चौथी झाली, माझ्या दाण्यांना काटा फुटला नाही. "टकलू," आईने त्यांना नाव ठेवलं. माझी मुलगी ते टकलू दागिने घालून हसत हसत फोटोला उभी राहिली. आई तो फोटो बोटाने मोठा करून बघत होती, करंगळीने.

रथसप्तमीच्या आदल्या दिवशी दुपारी तिने मला यू-पिन आणायला सांगितली. मी आणली तर म्हणाली, "आधी डोळे बांध. नाहीतर फट राहील."

मी स्वयंपाकघरातला नॅपकिन तिच्या डोळ्यांवर बांधला. मनगटावरचा व्रण अजून गुलाबी होता. अंगठ्याला टोक लावलं.

"नाही," ती म्हणाली.

पुन्हा लावलं, जरा खाली.

"नाही."

तर्जनी. "नाही." प्रत्येक 'नाही' ती स्वच्छ, मोठ्याने म्हणत होती. मी मधल्या बोटाच्या टोकाला पिनेची दोन्ही टोकं लावली. आई थांबली. तिने मान किंचित कलती केली, आचेवर पाकाचा आवाज ऐकताना करायची तशी.

"एक," ती म्हणाली.

मला 'बरोबर' म्हणावंसं वाटलं.

"दोन होती, आई."

"दोन होती होय?" तिने हात मागे घेतला नाही. "पुन्हा लाव."