गोदूबाईची सही

कुडपणच्या गोदूबाईला सही तिच्या मुलाने शिकवली. प्रवीण मुंबईत हॉटेलात कामाला होता. एका शिमग्याला घरी आला आणि पालखीमागे नाचायचं सोडून आईचा हात धरून तिचं नाव गिरवून घेत बसला. मी जवळच्या कापडे गावच्या शाळेत तीस वर्षं मास्तरकी केली, पण एवढी चिकाटी मला जमली नसती.

पुढच्या वर्षी तो गावी आलेला असताना मोबाइल चोरीच्या संशयावरून तालुक्याच्या पोलिसांनी प्रवीणला उचललं आणि तिसऱ्या दिवशी प्रेत ताब्यात दिलं. फौजदार म्हणाला, संडासात पाय घसरून पडला. पडल्यावर पाठीवर पट्ट्याचे वळ उठतात, हे मला त्या दिवशी कळलं.

वर्षभर हेलपाटे घातल्यावर फौजदारावर खुनाचा गुन्हा लागला आणि तो आत गेला. प्रत्येक तारखेला गोदूबाई सकाळची एसटी धरायची. सोबत तिचा धाकटा दीर मुरारी असायचा. नवरा आधीच गेलेला, म्हणून प्रवीणला अग्नीही मुरारीनेच दिला होता. परतताना दोघं माझ्याकडे चहाला थांबत आणि कोर्टाचे कागद वाचून घेत.

यंदा फौजदाराला जामीन मिळाला. पण कोर्टाने अट घातली की जामीनदार याच तालुक्यातला, जमीनवाला हवा. तीन आठवडे गेले, कुणी पुढे आलं नाही. गोदूबाई माझ्या ओटीवर ताठ बसून म्हणाली, "गुरुजी, त्याच्यासाठी कोन उभा ऱ्हानार नाय. आपलीच मानसं हायत ही." मीही शहाण्यासारखी मान डोलावली.

चौथ्या आठवड्यात फौजदार सुटला.

गोदूबाईची वकील दर्शना हिने जामिनाचे कागद काढले, तेव्हा मी शेजारीच बसलो होतो. जामीनदार मुरारी. त्याची आणि गोदूबाईची जमीन एकाच सातबाऱ्यावर, त्यामुळे ऐपतीचा दाखला काढायला तिची संमती लागली होती. तीही जोडलेली होती, खाली सहीसकट.

"नळाची लाइन आपल्या शेतातनं न्यायचीय, असं भावजी बोलले मला," गोदूबाई म्हणाली.

आमच्याकडे भावकीने पुढे केलेला कागद कुणी वाचून घेत नाही. वाचायला मागणं म्हणजे घरच्यावर संशय घेणं. कोर्टाचा एकेक कागद माझ्याकडून दोनदा वाचून घेणारी ही बाई, हा कागद तेवढा माझ्याकडे आला नाही.

"सही खोटी असेल तर आत्ताच सांगा," दर्शना म्हणाली.

गोदूबाईने अक्षरांवरून बोट फिरवलं. "माझीच हाय. प्रवीणनं शिकवलेली."

मुरारी एसटी थांब्यावर भेटला. त्याने काही लपवलं नाही, याचाच मला जास्त संताप आला. "वयनी, आमच्या किशोरचं पोलीस भरतीत नाव लागलंय. त्याच्या चारित्र्याची चौकशी पोलिसांनी अडकवून ठेवलीवती, जामीन ऱ्हायलो तर सोडू म्हनले. एक पोरगं गेलं, दुसरं तरी मार्गी लागू दे."

"माझ्या पोराला आग दिलीत तुमी," ती म्हणाली. "त्याच हातानं तो कागद माझ्याम्होरं धरलात."

एसटी आली. इतकी वर्षं शेजारी बसून गेलेली ती दोघं त्या दिवशी दोन टोकांना बसली.

दर्शनाने हरकत घेतली. संमती फसवून घेतली होती हे कोर्टाला पटलं आणि मुरारीची हमी रद्द झाली. दुसरा जामीनदार आणायला फौजदाराला आठ दिवस दिले होते. त्याने दोन दिवसांत आणला, तोही आपल्याच तालुक्यातला. फौजदाराची खात्याकडून चौकशी अजून चालूच आहे म्हणतात. किशोर मात्र ट्रेनिंगला गेला.

परवा गोदूबाई एकटी माझ्याकडे आली. फौजदाराचा जामीनच रद्द करून घेण्यासाठी वरच्या कोर्टात जायचं होतं आणि दर्शनाने वकीलपत्र पाठवलं होतं. या वेळी तिने ते शब्दन् शब्द वाचून घेतलं. मी पेन दिलं. तिने ते बाजूला ठेवलं.

"शाईचं पॅड हाय का, गुरुजी?"

"अगो, तुला सही येते की."

"त्या सहीनं प्रवीणला मारनारा सुटला," ती म्हणाली आणि डावा अंगठा पदराला पुसून माझ्यापुढे धरला.