आगळात बुडालेला मासा

बी.एस्सी.च्या प्रॅक्टिकलला मी एकदा नापास झाले होते. दुसऱ्यांदा झाले असते तर वडील मला टायपिंगच्या क्लासला घालणार होते, आणि ऐंशीच्या दशकातल्या मुलुंडमध्ये वडील अशा धमक्या खऱ्या करून दाखवत.

त्यात जर्नलमधली एक आकृती राहिलेली. आमच्या प्राणिशास्त्र विभागातला एकमेव जीवाश्म मासा! गोदावरीच्या खोऱ्यातल्या चुनखडीच्या लादीत रुतलेला, गोड्या पाण्यातला, कधीच नामशेष झालेला. वर चुन्याचं पुट, त्यामुळे अर्धा नुसता अंदाजाने बघायचा. लादीच्या पाठीवर आमच्या सरांनी स्वतःच्या हाताने चिठ्ठी चिकटवलेली : ‘रोहूच्या कुळातला’. हातापाया पडून मी तो एका दिवसासाठी घरी आणला.

“उद्या दहाला हा परीक्षेच्या टेबलावर हवा,” सर म्हणाले. “एक ओरखडा दिसला तर तू येऊच नकोस.”

आकृती काढली, मासा फडक्यात गुंडाळला आणि मैत्रिणीकडे नोट्स आणायला गेले. तासाभराने येऊन बघते तर फडकं दोरीवर वाळतंय आणि मासा परातीत, कोकमाच्या लालभडक आगळात! वर बारीक बुडबुडे.

“आई, हे काय केलंस?”

“अगो, नासलेलो वास येय होतो. आगळ चोळून ठेवलंय.”

वास फॉर्मॅलिनचा होता. लादी वर्षानुवर्षं त्यात बुडवलेल्या नमुन्यांच्या बरण्यांच्या कपाटात राहिलेली.

“आई, तो दगड आहे!”

“दगड झालो तरी मासोच ना?”

मी लादी धुतली. चुन्याचं पुट विरघळलं होतं. खाली खवलं चमकत होती : जाड, चौकोनी, काचेसारखी, न्हाणीघरातल्या लाद्यांसारखी एकमेकांना खेटलेली. रोहूची खवलं गोल, कौलांसारखी एकावर एक. म्हणजे माझा गुन्हा तर उघडा पडलाच होता, वर सरांची चिठ्ठीही खोटी ठरत होती.

दुसऱ्या दिवशी लादी मी फडक्यासकट शिपायाच्या हाती दिली. परीक्षेच्या टेबलावर ती नववा नमुना. चिठ्ठीवर शिपायानेच कागद डकवलेला. ओळखा, वर्गीकरण करा, घंटा वाजली की पुढे. सरांचं उत्तर लिहिलं तर मार्क, डोळ्यांना दिसलेलं लिहिलं तर टायपिंग. शिपायाचा हात घंटेला गेला तेव्हा मी लिहिलं : ‘गॅनॉइड, म्हणजे चौकोनी, काचेरी खवलं. लेपिडोटिस या नामशेष माशाच्या जवळचा. रोहूचा कुणी नव्हे.’

बाहेरून आलेल्या परीक्षकांनी पेपर वाचला. “रोहूचा नव्हे, हे कशावरून?”

“खवलं लाद्यांसारखी बसलीत सर, कौलांसारखी नाहीत.”

त्यांनी भिंग लावलं. बराच वेळ लावलं. मग आमच्या सरांकडे वळले. “वा! इतका स्वच्छ कधी केलात?”

सरांनी लादीकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं. 

“कालच,” सर म्हणाले. “सौम्य आम्लाने.”

मी पास झाले. संध्याकाळी सरांनी मला कपाटाजवळ गाठलं आणि दार लोटून घेतलं.

“कसलं आम्ल?”

“आगळ, सर. आईने लावलं.”

सर जुनी चिठ्ठी नखाने खरवडून, नोंदवहीत ‘सौम्य आम्ल :’ असं लिहून, माझ्याकडे न बघता म्हणाले,

“आईला विचार, मीठ घातलेलं होतं का बिनमिठाचं?”