शोभाताईंच्या यादीतल्या मुली

नवीन पनवेलच्या शोभाताईंनी बावीस वर्षांत किती लग्नं जुळवली, ते त्यांनाच ठाऊक. चौकशी मात्र अशी, की मुलाच्या आईला घाम फुटावा. वाणी, शेजारी, इस्त्रीवाला, सगळ्यांना विचारून झाल्याशिवाय 'स्थळ चांगलं आहे' हे शब्द त्यांच्या तोंडून निघायचे नाहीत. म्हणून तर आया आपल्या मुलींचे फोटो, पत्रिका, नंबर बिनघोर त्यांच्या फोनवर पाठवत.

यादीतल्या रुचिरासाठी खारघरचं स्थळ आलं आणि घोडं अडलं. मुलगा एकविसाव्या मजल्यावर राहायचा. शेजारच्या दाराला त्याचं नावही माहीत नव्हतं. इन्स्टाग्रामचं खातं होतं, तेही बंदिस्त. शोधता शोधता ताईंना एक व्हिडिओ सापडला : कुणाचंही खातं दोन मिनिटांत उघडा, फुकट! चोरून बघणं बरं नव्हे, असं मनात आलं होतं हो त्यांच्या. पण पोरीच्या आयुष्याचा प्रश्न, म्हणून त्यांनी ते अ‍ॅप घेतलंच. फोनने धोक्याची सूचना दिली, ती बंद केली. अ‍ॅपने फोटो, नंबर, मेसेज सगळ्याची परवानगी मागितली, ती दिली. माणसांची एवढी पारख असलेली बाई, आणि त्या मेल्या अ‍ॅपला एक प्रश्न विचारला नाही!

मुलाचं खातं काही उघडलं नाही. चार दिवसांनी यादीतल्याच चारुताच्या आईचा रडत फोन आला. कसल्याशा घाणेरड्या साइटवर चारुताचा पैठणीतला फोटो होता, खाली तिचा खरा नंबर, आणि वाचवत नाही असा मजकूर. मग दुसरीचा फोटो निघाला, तिसरीचा. अ‍ॅपने ताईंचा फोन पार धुऊन नेला होता.

ताईंनी सायबर पोलिसांना सगळं सांगितलं, स्वतःची चूकसुद्धा. मग यादी घेऊन त्या माफी मागायला दारोदार निघाल्या. कुणी वाट्टेल ते बोललं, कुणी तोंडावर दार लावलं. आणि रुचिरा? तिने मुलाला सरळ विचारलं, त्याने आपणहून खातं दाखवलं. इतकं सोपं होतं ते.

चारुताने मात्र ताईंना घरात घेतलं, पाणी दिलं. आठ दिवस ती ऑफिसला गेली नव्हती. तेवढ्यात तिचा फोन वाजला, अनोळखी नंबर. ताईंनी तो उचलला. पलीकडचा पुरुष काय काय बोलला, ते त्यांनी शेवटपर्यंत ऐकलं.

"दिवसाला किती येतात गं असे?"

"मोजायचं सोडलं, काकू."

ताईंना तिच्याकडे बघवेना.