बिनढगाचा श्रावण

हे आजवर कुणालाच सांगितलं नाही — नवऱ्याला नाही, सख्ख्या बहिणीलाही नाही. तुम्हाला सांगायला बसलेय खरी, पण जीभ रेटंना.

लातूर नवा जिल्हा झाला, ते साल. पावसाचा पत्ता नव्हता. नळ कोरडे, विहिरी कोरड्या, आणि आभाळ — लख्ख! मी आणि प्रज्ञा एकाच शाळेत विज्ञान शिकवायचो, एकाच घरात भाड्यानं राहायचो. जेवणं झाली की दोघी दुर्बीण घेऊन माळवदावर, घराच्या सपाट छतावर. मंगळ आणि गुरूच्या मधल्या पट्ट्यात हजारो लघुग्रह फिरतात. त्यातला वेस्ता चांगलाच मोठा. सूर्याभोवती जायला त्याला साडेतीन वर्षांहून जास्त लागतात, स्वतःभोवती मात्र पाच-साडेपाच तासांत गिरकी. हे तिला सांगितलं कुणी? मी. दुर्बीण कुणाची? माझ्या वडिलांची! पण ताऱ्यांच्या नकाशावर रोज त्याचा ठिपका मांडायचा नेट — तो तिचा. मी नुसती बॅटरी धरायची. अख्ख्या पावसाळ्यात ढगानं एक दिवस बुडाला नाही. पृथ्वी वेस्ताला गाठून पुढं जाते तेव्हा तो उलटा चालल्यासारखा दिसतो; तसेच ठिपके मागं मागं सरकले, थबकले, पुन्हा पुढं वळले, तेव्हा ती टाळ्या पिटत नाचली. मी हसले. आतून पेटले होते.

मग जिल्ह्याचं पहिलं विज्ञान प्रदर्शन आलं. शिक्षकांत पहिली येईल ती मुंबईला जाणार, आणि सगळी गर्दी प्रज्ञाच्या नकाशापुढं. माझ्याकडं कोण बघतंय? जळले हो मी, खोटं कशाला बोलू! परीक्षक कोकणातले. श्रावण-भाद्रपदात एकही खाडा नाही? हे घरी बसून भरलंय, म्हणाले.

"पाऊसच न्हाई पडला, सर. ढगसुद्धा न्हाई," प्रज्ञा म्हणाली. "ताईंना विचारा की, त्या रोज सोबत होत्या."

ते माझ्याकडं वळले. काय लागत होतं मला — एक 'हो'? मी म्हणाले, "असायचे मी कधीमधी. रोजचं मला नाही सांगता येणार."

नकाशा बाद झाला. मुंबईला दुसरंच कुणीतरी गेलं.

घरी येताना ती माझीच समजूत काढायला लागली — "जाऊ द्या ताई. एवढ्या लोकांत गडबडला असाल. आठवलं नसंल."

मी "हो" म्हणाले.

मला एकूण एक दिवस आठवत होता.