शंकेला नंबर नाही

घास गिळला की भाऊ दोन बोटं छातीच्या मधोमध ठेवायचे, मान जराशी वर करायचे आणि थांबायचे. घास खाली उतरल्याची खात्री पटली की मगच पुढचा. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मला वाटलं, माणूस भलताच भाविक दिसतो, घासागणिक देवाचं नाव घेतो.

भिलाईत तेव्हा पोलादाचा प्लांट उभा राहत होता. पहिली भट्टी पेटली होती, बाकीच्यांची बांधणी चालू होती, आणि तिथली धूळ आमच्या हॉस्पिटलच्या रेकॉर्ड रूममधल्या कागदांवर रोज येऊन बसायची. त्या खोलीत आम्ही दोघंच. मी वर्ध्याचा, ते भंडाऱ्याकडचे. वयानं मोठे, म्हणून मी त्यांना भाऊ म्हणायचो. रोगी घरी गेला की त्याचा कागद आमच्याकडे यायचा. डॉक्टरांनी लिहिलेला आजार एका जाडजूड पुस्तकात शोधायचा आणि त्याचा नंबर कागदावर टाकायचा, हे आमचं काम. वर्षाअखेर त्या नंबरांवरून हिशोब निघायचा, कोणत्या आजाराचे किती.

डॉक्टर लोक पुष्कळदा आजाराच्या नावापुढे प्रश्नचिन्ह काढून मोकळे व्हायचे. भाऊ त्या चिन्हाला भीकच घालायचे नाहीत. "शंकेले नंबर नसते," म्हणायचे. "पक्कं काय लिवलं, तेवढं पाय." न्यूमोनिया पक्का आणि टीबीची शंका, तर नंबर न्यूमोनियाचा. नियमच होता तसा. पण भाऊंचा नियम खोलीबाहेरही चालायचा. दूधवाला पाणी घालतो असं मी म्हटलं की ते विचारायचे, घालताना पाहिलं का? नाही ना, मग शंकेले नंबर नसते. मी कपाळाला हात लावायचो.

एकदा भट्टीवरच्या एका फोरमनचा कागद आला. इसोफॅजायटिस. म्हणजे अन्ननळीची सूज. मला तो शब्द वाचताच येईना. भाऊंनी पुस्तक ओढलं, आणि ते बरोबर त्याच पानावर उघडलं. भाऊंनी शोधलंसुद्धा नाही. पान कडेला मळलं होतं.

"हे मलेही आहे," ते सहज म्हणाले. "जळजळ. बाकी काही नाही."

कोणत्या डॉक्टरनं सांगितलं, मी विचारलं. त्यांनी बोटानं पुस्तक दाखवलं. मला हसूही आलं आणि अंगावर काटाही. अहो, त्या पुस्तकात लक्षणं नाहीत, औषधं नाहीत, नुसती नावं आणि नंबर! त्यातला बरा दिसला तो आजार भाऊंनी स्वतःसाठी निवडला होता.

त्यानंतर मी त्यांच्या जेवणाकडे पाहायला लागलो आणि मला ते पाहवेना. आधी भाकरी सुटली. मग पोळी चहात भिजवून खाऊ लागले. मग तीही सुटली आणि नुसता मऊ भात राहिला. शर्टाची कॉलर गळ्याभोवती सैल झाली. भट्टीच्या धुराचा दोष, म्हणायचे. एका दुपारी भाताचं शीत अडकलं. ते व्हरांड्यात कठड्याला धरून वाकले, आणि परत आले तेव्हा डोळे लाल. डॉक्टरांची खोली त्याच व्हरांड्यात होती. तिच्यावरून गेले आणि तिच्यावरूनच परत आले.

मी चिडलो. म्हटलं, भाऊ, आता मीच जाऊन डॉक्टरांना सांगतो.

"नोको," ते म्हणाले. "दाखवलं का ते लिवतीन."

"लिहू द्या ना!"

"लिवलं का पक्कं झालं. आता कावून घाई करून राहिला? आता तर शंकाच आहे."

चेष्टा असेल असं वाटून मी त्यांच्या तोंडाकडे पाहिलं. चेष्टा नव्हती. इतकी वर्षं कागदांवर चालवलेला नियम या माणसानं स्वतःच्या घशाला लावला होता, आणि त्याच्यामागे लपून बसला होता. त्या क्षणी मला त्यांची भयंकर भीती वाटली.

मी गेलो आणि डॉक्टरांना हात धरून खोलीत घेऊन आलो. भाऊ महिनाभर माझ्याशी बोलले नाहीत. पण त्यांना नागपूरला पाठवलं तेव्हा पाणीदेखील अडकायला लागलं होतं. तिथून परत आणलं ते घरी ठेवण्यासाठीच. नागपूरहून त्यांचा कागद माझ्या टेबलावर आला. प्रश्नचिन्ह नव्हतं. मी नंबर टाकला.

तेरवीला त्यांच्या क्वार्टरवर गेलो. माणसं पांगल्यावर वहिनी माझ्यासमोर येऊन बसल्या.

"भाऊजी, त्याईले नेमकं काय झालतं? मले कोणी सांगत नाही."

अन्ननळीचा कॅन्सर, मी सांगितलं. बराच आधीपासून असणार. गिळताच येत नव्हतं त्यांना.

त्या पदराचं टोक बोटाला गुंडाळत राहिल्या. घरी भाऊंनी हे कधी सांगितलंच नव्हतं. भूक नाही म्हणायचे आणि ताट सरकवायचे.

"मले वाटे, माझ्या हातचं नकोसं झालं," वहिनी म्हणाल्या. "शेजारच्या बंगालीणकडून नवीन भाज्या शिकली. मद्रासीणकडून रस्सम शिकली. रोज बदलवून पाहे. ताट तसंच राहे. डबा तेवढा रिकामा येई. फेकत असतीन, वाटलं."

"फेकत नव्हते, वहिनी. मला द्यायचे. मी खायचो."

त्यांनी पहिल्यांदाच मान वर केली.

"मंग भाजी कशी होत होती?"

"चांगली व्हायची," मी म्हणालो, आणि मला रडू आवरलं नाही.