खडूची फुली

इस्माईलचाचा कुठेही उभे राहण्याआधी जमिनीकडे पाहत. लिफ्टमध्ये, कोपऱ्यावरच्या बकाल्यात, म्हणजे किराणा दुकानात, दूध घेताना, आमच्या दारात. आधी नजर खाली, मग पाय जुळवून एका जागी, आणि कुणी सांगेपर्यंत हलायचं नाही. मी एकदा हसले. "हसू नको गो पोरी," ते म्हणाले. "खडूची फुली सोडली की कॅमेऱ्यात तोंड पुसट येतं. मग कानाखाली बसते."

कुवेतमधल्या रिग्गईच्या आमच्या इमारतीत ते खालच्या मजल्यावर राहत आणि अम्गऱ्याला जुन्या गाड्यांच्या भागांच्या वखारीत काम करत. कुठलाही भाग हातात घेऊन तो कोणत्या गाडीचा हे सांगत. मराठी पेपर मात्र मला वाचायला लावत. "चष्मा खोलीवर राहिला," हे त्यांचं रोजचं वाक्य.

पाचव्या वर्षापासून अकराव्यापर्यंत ते मुंबईत सिनेमात काम करत होते. गरीब आईचा शहाणा मुलगा, ही त्यांची ठरलेली भूमिका. पुढचा दुधाचा दात पडला तेव्हा मेणाचा दात बसवून चित्रीकरण झालं. उंची वाढू नये म्हणून वडील रात्री अर्धीच भाकरी देत. आणि पडद्यावर त्यांचं गाजलेलं वाक्य कोणतं? "आई, तू जेव. मला भूक नाही."

हे ऐकून माझं डोकं फिरलं. "चाचा, हा गुन्हा आहे!"

"सात तोंडं होती घरात. अब्बा तरी काय करतील?"

"म्हणून पोराला उपाशी ठेवायचं?"

"तू चिडलीस की अगदी आमच्या डायरेक्टरासारखी दिसतेस," ते म्हणाले आणि माझ्याच ताटातली चपाती मोडून घेतली.

पुढे आवाज फुटला, उंची वाढायची तेवढी वाढली आणि त्यांना गावी परत पाठवलं. अकरा वर्षांचं मूल, निवृत्त.

यंदा चाचा कायमचे रत्नागिरीकडे परतणार होते. मराठी मंडळानं निरोप समारंभ ठरवला आणि तेच वाक्य म्हणायला सांगितलं. सचिव देसाई मला म्हणाले, "अहो, लोकांना तेच हवंय. दोन मिनिटांचं काम."

मी पेटले. आमच्या घरी पोथ्यांपेक्षा पत्रकं जास्त. बाबा चळवळीतले, त्यामुळे वाचायला मी त्या पत्रकांवरच शिकले. मी एक पानभर भाषण लिहिलं: मुलांकडून मजुरी कशी करून घेतात, टाळ्या वाजवणारेही त्यात कसे सामील असतात. पान चाचांच्या हातात दिलं. "हेच म्हणायचं. ते वाक्य नाही. कबूल?"

"कबूल," म्हणत त्यांनी ते घडी करून छातीच्या खिशात ठेवलं.

समारंभात ते मंचावर आले. खाली पाहिलं. पाय जुळवले. पोटावर हात ठेवून, त्या साठीतल्या माणसानं सहा वर्षांच्या मुलाच्या आवाजात म्हटलं, "आई, तू जेव. मला भूक नाही." लोक रडले. मग सगळे जिलेबीच्या रांगेत गेले. मी चाचांशी न बोलता घरी आले.

दोन दिवसांनी विमानतळावर मीच सोडायला गेले, रागातच. गाडीत त्यांनी खिशातून ते पान काढलं.

"वाचून दाखव ना."

"आता? तेव्हा का नाही वाचलंत?"

"शाळेत कुणी घातलं होतं मला? ओळी कुणीतरी वाचायचं, मी पाठ करायचो. तू नुसता कागद दिलास."

मी गाडी कडेला घेतली. मुलांचं शिक्षण कसं हिरावलं जातं, यावर त्या पानात चार ओळी होत्या. मी वाचल्या. सगळंच वाचलं, एकदाच. चाचांनी शब्द न चुकता परत म्हणून दाखवलं. फक्त एक वाक्य गाळलं: "माझ्या बापानं मला उपाशी ठेवलं."

"ते राहिलं," मी म्हटलं.

"राहिलं नाय. ते माझं नाय, तुझं आहे."

विमानतळावर रांगेत पावलांची चित्रं चिकटवलेली होती. चाचांनी खाली पाहिलं आणि त्यांवर नेमके पाय ठेवले. काउंटरवरच्या माणसानं दोनदा हाक मारली. ते हलले नाहीत. मागे वळून माझ्याकडे पाहत राहिले.

कुणाचंही ऐकू नका, असं वर्षभर मी त्यांना सांगत आले होते.

"जा, चाचा," मी म्हटलं. तेव्हा ते गेले.