पुतणीचा ब्लाऊज

नांदे गावच्या रस्त्यालगत एका पत्र्याच्या खोलीत ती शिवणकाम करायची. हिंजवडीला ऑफिसला जाता-येता मी तिच्याकडे कपडे टाकायचो. बोलणं कमी, हात मात्र झरझर चालायचा. रस्त्याची धूळ मशीनवर यायची, तरी दार सताड उघडं. एकदा मी विचारलं, तर म्हणाली, "सहा वर्सं दुसऱ्यानं लावलं दार. आता मी न्हाई लावत."

पुढे हळूहळू कळलं. नवऱ्याच्या खुनाच्या खटल्यात दिराने जमिनीपायी तिच्याविरुद्ध खोटी साक्ष दिली होती. तुरुंगात ती शिवण शिकली. शेवटी वरच्या कोर्टाने तिला निर्दोष सोडलं.

मागच्या महिन्यात गेलो, तेव्हा ती एका हिरव्या ब्लाऊजच्या बाहीला जरीचा काठ लावत होती.

"दिराच्या पोरीचं लगीन हाय," ती म्हणाली. "बापाला चोरून आली. काकी, तूच शिव म्हणली."

मी कपड्यांची पिशवी खाली ठेवली.

"तिच्या हुनाऱ्या सासरी, शेजारच्या चांद्याला जाऊन समदं सांगायचं, लगीन मोडायचं, आसं ठरवलं हुतं मी. दोनदा निगाले बी."

"मग?"

"माप घेताना पोरगी रडाया लागली. बापानं तुला भेटाया येऊ दिलं न्हाई म्हणली." तिने दोरा दाताने तोडला. "तिच्या बापावर मी खोट्या साक्षीची केस घातलीया. त्याचं कोर्ट बगंल. हिनं माजं काय केलंय?"

"लग्नाला जाणार?"

"बोलावलंय तिनं," ती जराशी हसली. "आदी मला एक बरा ब्लाऊज शिवाया पायजे."